काळ्या मातीवर बास्केटबॉल कोर्ट: ठरावापासून पहिल्या पावसापर्यंत

आमच्या गावातलं बास्केटबॉल कोर्ट मे २०२५ मध्ये पूर्ण झालं. ग्रामसभेचा ठराव आहे २ ऑक्टोबर २०२३ चा. मधल्या काळात प्रत्यक्ष बांधकाम थोडेच महिने चाललं. बाकी वेळ फाइल फिरत होती, नाहीतर आचारसंहितेत बसून होती. आजूबाजूच्या गावांतले लोक आता कोर्ट बघायला येतात आणि विचारतात, "ताई, पैसे किती लागले? भेटायचं कुणाला?" एका वाक्यात सांगता येत नाही, म्हणून सगळं क्रमानं लिहून काढते.

गाव जळगाव जिल्ह्यात, तापीच्या उत्तरेला. चहूकडे केळी, समोर सातपुडा. मी स्थापत्य अभियंता. जळगावात एका सल्लागाराच्या ऑफिसात अंदाजपत्रकं करते: गोदामं, शाळाखोल्या, एखादा छोटा पूल. त्याआधी कॉलेजकडून बास्केटबॉल खेळत होते, आणि त्या वर्षांत अभियांत्रिकी हे फावल्या वेळातलं काम होतं असं माझ्या आईचं ठाम मत आहे.

२०१० ला प्रवेश घेतला तेव्हा उंची बघूनच संघात घेतलं, खेळ नंतर आला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून फिबानं, म्हणजे खेळाच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं, कोर्टावरच्या रेषा बदलल्या. बास्केटखालचा समलंब चौकोन जाऊन सरळ आयत आला आणि तीन गुणांची रेषा ६.२५ मीटरवरून ६.७५ वर गेली. आमच्याकडे जुन्या पांढऱ्या रेषा तशाच ठेवून वर पिवळ्या ओढल्या. वर्षभर कुणी पांढऱ्यावरून मारायचं, कुणी पिवळ्यावरून, आणि भांडण रोजचं. पुढे उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाच्या संघातून (नावात बहिणाबाई २०१८ ला आल्या, तेव्हा नव्हत्या) पश्चिम विभागीय आंतरविद्यापीठ स्पर्धा खेळले. स्पर्धा आणि सबमिशन एकाच वेळी यायचं. रेल्वेच्या जनरल डब्यात मांडीवर ड्रॉइंग बोर्ड घेऊन केलेली शीट अजून माझ्याकडे आहे. त्यातल्या सरळ रेषा सरळ नाहीत.

तिसऱ्या वर्षी एका गावाला घोटून गुळगुळीत केलेल्या सिमेंटच्या कोर्टवर पाय सरकला आणि गुडघ्याचं लिगामेंट फाटलं. खेळ तिथं संपला. हे इथं सांगायचं कारण पुढे काँक्रीटच्या वेळी येईल. २०१४ ला पदवी, मग साइटवर नोकरी, पगार नऊ हजार. पॉइंट गार्डला, म्हणजे संघाचा खेळ चालवणाऱ्या खेळाडूला, भर गर्दीत ओरडून चार जणांना हलवायची सवय असते. मिक्सरच्या आवाजात ती कामी आली, एवढाच काय तो खेळाचा उपयोग तेव्हा दिसत होता.

२०२३ च्या पावसाळ्यात गावातल्या शाळेतून निवृत्त झालेल्या खेळाच्या सरांचा फोन आला. "पोरी, तू इंजिनिअर आहे ना? मग आपलं कोर्ट बघून जा एकदा." शाळेमागे बऱ्याच वर्षांपूर्वीचं एक कोर्ट होतं. होतं म्हणायचं, कारण त्याचे तुकडे उरले होते. काळ्या मातीवर थेट खडी पसरून वर तीन इंच काँक्रीट ओतलेलं. उन्हाळ्यात माती आकसते, पावसाळ्यात फुगते. वरच्या काँक्रीटनं दोन-तीन पावसाळे तग धरला असेल. एका भेगेत माझं पेन टोपणापर्यंत आत गेलं. तरी आठवी-नववीच्या मुली त्या तुकड्यांवरच खेळत होत्या, चेंडू कुठं उसळणार हे पाठ करून. रिंग मोजली तर २.८२ मीटर भरली. हवी ३.०५.

आता प्रक्रिया.

पहिला प्रश्न जागेचा. जुनं कोर्ट होतं त्या जागेचा सातबारा काढला तर अर्धा तुकडा ग्रामपंचायतीचा आणि अर्धा गुरचरण, म्हणजे गुरं चारायचं गायरान, निघाला. माझा सल्ला: गुरचरणाच्या नादी लागू नका. २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं गावाच्या सामाईक जमिनींबाबत निकाल दिला, त्याच वर्षी जुलैत राज्य शासनाचा निर्णय निघाला, आणि तेव्हापासून गायरान म्हटलं की प्रत्येक टेबल फाइल पुढच्या टेबलाकडे सरकवतं. मैदान सार्वजनिक कामात बसतं हे खरं, पण ते पटवून द्यायला जे आयुष्य लागतं ते आपल्याकडे नसतं. आम्ही कोर्ट पंधरा-वीस मीटर अलीकडे ग्रामपंचायतीच्या हद्दीत सरकवलं. हद्द कायम करून घ्यायला भूमी अभिलेखकडे तातडीची मोजणी भरली. मोजणीच्या दिवशी शेजारचे शेतकरी हजर ठेवा. नोटीस मिळाली नाही असं नंतर कुणी म्हणायला नको.

ग्रामसभेला २ ऑक्टोबरला मी सोबत दोन काचेच्या मापनळ्या घेऊन गेले. ठरावाला विरोध कोर्टाचा नव्हता, खर्चाचा होता. "एवढ्या पैशात तर सभामंडप होईल," हे वाक्य तुमच्याही गावात येणार, तयारी ठेवा. दुसरं वाक्य, "मागच्या वेळी केलं ते फुटलं, आताचं कशावरून टिकेल?" याला उत्तर नळ्यांत होतं. मैदानातली माती वाळवून, चाळून, दहा-दहा ग्रॅम दोन्ही नळ्यांत घातलेली; एकीत पाणी, दुसरीत रॉकेल. रॉकेलमध्ये माती फुगत नाही, म्हणून ती तुलनेसाठी. २४ तासांनंतर रॉकेलच्या नळीत माती १२ मिलीलिटरवर होती, पाण्याच्या नळीत २१ वर. म्हणजे फुगवटा ७५ टक्के. ५० च्या वर गेला की माती बांधकामाला धोक्याची धरतात. नळ्या हातोहात फिरल्या. आमच्या बाबांनी जन्मभर याच मातीत केळी लावली, त्यांनीही नळी डोळ्यासमोर धरून बघितली आणि म्हणाले, "पीक चांगलं येतं ते याच्यामुळंच." खरं आहे. पाणी धरून ठेवणारी माती केळीला हवी, कोर्टाला नको. ठराव झाला. ठरावाच्या साक्षांकित प्रती एकदमच पाच-सहा घेऊन ठेवा, प्रत्येक कार्यालय स्वतंत्र मागतं.

निधी आमदार स्थानिक विकास कार्यक्रमातून घ्यायचा ठरला. क्रम असा: ग्रामपंचायतीचा ठराव आणि मागणीपत्र, त्यावर आमदारांचं शिफारसपत्र, ते जिल्हाधिकारी कार्यालयात जिल्हा नियोजनकडे, तिथून अंमलबजावणी यंत्रणेकडे (आमच्या बाबतीत जिल्हा परिषदेचा बांधकाम विभाग). यंत्रणा अंदाजपत्रक करते, त्याला तांत्रिक मान्यता मिळते, मग जिल्हाधिकाऱ्यांची प्रशासकीय मान्यता, मग काम कुणाला द्यायचं ते ठरतं, आणि शेवटी कार्यारंभ आदेश. सोबत सातबारा, मोजणीचा नकाशा, ग्रामपंचायतीचं नाहरकत, जागेचे फोटो, आणि पुढची देखभाल आम्ही करू असं हमीपत्र.

अंदाजपत्रक सरकारी अभियंत्याच्या सहीचं लागतं. माझी सही कागदावर कुठंही नाही आणि नसायलाच हवी. पण मसुदा मी करून दिला, विनामूल्य, आणि शाखा अभियंत्यांना त्याचा राग आला नाही हे आमचं नशीब. हा टप्पा सगळ्यात महत्त्वाचा. अंदाजपत्रकात जे नाही ते मैदानात येत नाही. नंतर "एवढं करून द्या ना साहेब" म्हटलं तर साहेबांच्या हातातही काही नसतं. एमबीत, म्हणजे मोजमाप पुस्तिकेत, तेच लिहिता येतं जे मंजूर आहे. म्हणून खेळणाऱ्या माणसाला जे माहीत असतं ते याच वेळी आकड्यांत बसवून घ्यायचं.

उदाहरणार्थ मोजमाप. कोर्ट २८ बाय १५ मीटर, हे सगळ्यांना सापडतं. पण चारही बाजूंना दोन-दोन मीटर मोकळी जागा धरली नाही तर धावत आलेली मुलगी थेट मुरमात जाते. म्हणून काँक्रीट ३२ बाय १९, म्हणजे ६०८ चौरस मीटर. दुसरं, दिशा. मुख्याध्यापकांना कोर्ट कंपाउंडला समांतर, पूर्व-पश्चिम हवं होतं; झेंडावंदनाला रांगा नीट लागतात. पण मुलं खेळतात संध्याकाळी पाच ते सात, आणि पश्चिमेच्या रिंगकडे बघून शॉट मारायचा म्हणजे सूर्य डोळ्यांत. लांबी उत्तर-दक्षिणच ठेवायची. यावर बरीच चर्चा झाली. शेवटी मी त्यांना संध्याकाळी साडेपाचला मैदानात उभं केलं आणि पश्चिमेकडून चेंडू टाकला. त्यांनी तो सोडला आणि मुद्दाही सोडला.

उतारावर उपअभियंत्यांशी गाठ पडली. ते म्हणाले, "मॅडम, रस्त्यासारखा मधून उंच करू, पाणी दोन्हीकडं निघून जाईल." पाणी जाईल हो, पण मैदानाच्या मधोमध उंचवटा येईल आणि ड्रिबल करताना चेंडू तिथून बाजूला पळेल. कोर्टाला एकाच बाजूला, एकसारखा, शंभरात एक असा उतार देतात. आम्ही तो आडवा दिला: पूर्वेची कड पश्चिमेपेक्षा १९ सेंटीमीटर उंच. आडवा उतार घेतला की दोन्ही रिंगा एकाच पातळीवर येतात. त्यांनी ते मान्य केलं आणि नकाशावर स्वतःच्या हातानं बाण काढला. 

मातीसाठी उपाय: काँक्रीटच्या बाहेर अर्धा-अर्धा मीटर जास्त धरून ६० सेंटीमीटर काळी माती काढायची आणि न फुगणारा मुरूम थराथरानं भरायचा. हिशोब करा: ३३ बाय २० बाय ०.६, म्हणजे ३९६ घनमीटर, म्हणजे दाबून घट्ट झालेला १४० ब्रास मुरूम (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट). गाडीतून येतो तो सैल, तेव्हा गाड्या त्याहून बऱ्याच जास्त. रॉयल्टीच्या पावत्या प्रत्येक गाडीमागे जपून ठेवायच्या, नाहीतर बिलातून कापतात. मुरमावर १० सेंटीमीटर पीसीसी, म्हणजे खालचं साधं, बिनसळईचं काँक्रीट, त्यावर साडेबारा सेंटीमीटरचं एम-२० प्रतीचं काँक्रीट, एकूण ५० तुकड्यांत.

आणखी एक अडचण: बास्केटबॉलचे खांब सरकारी दरसूचीत सापडत नाहीत. दरसूचीबाहेरच्या बाबीला तीन दरपत्रकं आणि दर पृथक्करण, म्हणजे दर कसा निघाला त्याची फोड, जोडावं लागतं. ती दरपत्रकं मी आधीच मागवून ठेवली होती. ही आयत्या वेळी शोधत बसलात तर महिना गेलाच समजा.

पहिलं अंदाजपत्रक १९ लाखांच्या वर गेलं. मिळणार होते १५ लाख, त्यातच १८ टक्के जीएसटी आणि एक टक्का कामगार उपकर. मग कात्री. जाळीचं कुंपण गेलं, दिवे गेले, अ‍ॅक्रिलिक रंग गेला. सळईची जाळी सगळ्या ५० तुकड्यांत होती, ती कडेच्या २६ तुकड्यांपुरती ठेवली, कारण पाणी शिरतं आणि माती हलते ती कडेलाच. मुरमाच्या जाडीला मात्र हात लावू दिला नाही. वरचं काही नंतर करता येतं, खालचं नाही.

तांत्रिक मान्यता फेब्रुवारी २०२४ मध्ये आली. प्रशासकीय मान्यतेची टिपणी वर गेली आणि १६ मार्चला लोकसभेची आचारसंहिता लागली. आमच्याकडे मतदान १३ मेला, निकाल ४ जूनला. जूनमध्ये आम्हाला वाटलं सुटलो. तर नाशिक विभाग शिक्षक मतदारसंघाची निवडणूक मध्ये आली, मतदान २६ जूनला, आणि तिची आचारसंहिता आमच्या जिल्ह्यालाही लागू. त्या काळात कार्यालयात जाऊन काही उपयोग नसतो. मी तरी जात होते, कारण सर रोज विचारायचे. एका लिपिकानं शेवटी हसून सांगितलं, "ताई, तुमची फाइल कुठंही जात नाही. तुम्हीही जाऊ नका." जुलैत मान्यता आली.

पुढचा टप्पा काम वाटप समितीचा. अशी छोटी कामं सुशिक्षित बेरोजगार अभियंते, मजूर सहकारी संस्था आणि खुले कंत्राटदार यांच्यात ठरलेल्या प्रमाणात वाटतात. आमचं काम सोडतीत एका बेरोजगार अभियंत्याला लागलं. वय पंचविशीच्या आत, पहिलंच काम, आणि जवळ भांडवल म्हणून वडिलांचा ट्रॅक्टर. गावात कुरकुर झाली की पोरगं नवखं आहे. मला उलट बरं वाटलं. जुन्या माणसाला सगळं आधीच माहीत असतं, हा विचारायचा. पहिल्या भेटीत मी त्याच्या हातात चेंडू दिला आणि सांगितलं, जिथं शंका येईल तिथं हा आपटून बघ, सारखा उसळला पाहिजे.

कार्यारंभ आदेश ऑक्टोबर २०२४ च्या दुसऱ्या आठवड्यात हातात पडला. विधानसभेची आचारसंहिता दसऱ्यानंतर केव्हाही लागणार हे गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं. नियम असा की आदेश मिळाला, पण जागेवर काम सुरू झालेलं नसेल तर ते आचारसंहितेत सुरू करता येत नाही. सुरू झालेलं मात्र चालू राहतं. १२ ऑक्टोबरला, दसऱ्याला, नारळ फुटला आणि लगेच जेसीबी लावला. सरपंच, ग्रामसेवक आणि शाखा अभियंता यांच्या सह्यांचा पंचनामा, तारीख-वेळ उमटलेले फोटो, सगळं त्याच दिवशी. १५ तारखेला आचारसंहिता जाहीर झाली. हे तीन दिवस हुकले असते तर काम डिसेंबरावर गेलं असतं, आणि डिसेंबरानंतर ३१ मार्च फार लांब नसतो.

खोदाई झाली आणि काम थांबलं. कारण साधं: कापूस. ऑक्टोबर-नोव्हेंबरात खान्देशात मजूर वेचणीला असतात, किलोवर पैसे मिळतात, तुमच्या घमेल्यांना कोण हात लावणार? वर दिवाळी. पावरा मजूर सातपुड्यातल्या आपापल्या पाड्यांवर गेलेले. अंदाजपत्रक करणाऱ्यांनी कामाच्या कालावधीत कापूस धरावा, असं माझं प्रामाणिक मत आहे. एका अर्थी बरंच झालं, खड्डा उघडा राहून ओली माती वाळली.

मुरूम भरताना मी ऑफिसातून रजा घेऊन उभी राहिले, कारण खरी लबाडी इथंच होते. गाडीवाल्याला सगळा मुरूम एकदम टाकून वरून जेसीबी फिरवायचा होता. वरून तो छान दिसतो, दगडासारखा. खाली पोकळ. वीस सेंटीमीटरचा थर, त्यावर पाणी, त्यावर रोलर; रोलर फिरल्यावर टाचेचा ठसा उमटेनासा झाला की पुढचा थर. तिसऱ्या थराला गाडीवाला वैतागून म्हणाला, "काय वं ताई, विमानतळ करू राहिली का?" पोरगा काही बोलला नाही, पण त्यानं रोलर आणखी दोनदा फिरवला. त्याचे जास्तीचे डिझेलचे पैसे अर्थातच त्याच्याच खिशातून गेले.

जानेवारीत काँक्रीट. खांबांचे पाये आणि त्यातले बोल्ट आधी बसवून घेतले. खांब कोर्टाच्या शेवटच्या रेषेच्या एक मीटर बाहेर, आणि बोर्ड रेषेच्या आत १.२० मीटर यायला हवा, म्हणून बोर्ड धरणारा खांबाचा आडवा हात २.२ मीटरचा. दुकानात सहसा साठ-नव्वद सेंटीमीटर हाताचे खांब दाखवतात. ते घेतलेत तर ले-अप, म्हणजे रिंगखाली धावत येऊन शॉट, मारणारं प्रत्येक पोर खांबावर आदळेल. तुकडे एकाआड एक ओतले, मधले नंतर. थंडी कडक होती, सकाळी ओतलेलं काँक्रीट लवकर धरत नव्हतं, त्यामुळे पृष्ठभागाचं काम रात्री कंदिलासारख्या लोंबत्या बल्बांखाली चालायचं. गवंडी उत्तम होता, आणि उत्तम गवंड्याचा हात घोटाईला शिवशिवतो. त्याला आरशासारखं करायचं होतं. मी नको म्हटलं. कडक झाडू एकाच दिशेनं हलका ओढून खरबरीत ठेवायचं. "लोक म्हणतील काम अर्धवट टाकलं," तो खरंच दुखावला. मी त्याला गुडघ्यावरची खूण दाखवली. त्यानं झाडू मागवला.

क्युरिंगला, म्हणजे काँक्रीट ओलं ठेवायला, मातीचे वाफे करून पाणी तुंबवलं, तीन आठवडे. केळीचं गाव, पाणी कसं द्यायचं हे शिकवावं लागलं नाही.

नंतर जे झालं त्याची तजवीज कोणत्याच अंदाजपत्रकात नसते. फेब्रुवारीच्या शेवटी एका सकाळी पोहोचले तर कोर्टाच्या पूर्वेच्या अर्ध्या भागावर साड्या अंथरलेल्या आणि त्यांवर बिबड्या. ज्वारीच्या, तीळ लावलेल्या, ओळीनं शेकडो. एवढी सपाट, स्वच्छ, दिवसभर उन्हात असणारी जागा गावात आजवर नव्हतीच. शेजारच्या काकू पाट टाकून राखण करत बसलेल्या. मला बघून म्हणाल्या, "चांगलं काम केलं बरं माय तू," आणि एक अर्धवट वाळलेली हातात ठेवली. काय बोलणार? रंग लागेपर्यंत वाळवणाला परवानगी, नंतर नाही, असं ठरलं. मका वाळत घालायला आणलेला एक ट्रॅक्टर मात्र परत पाठवला. काँक्रीट माणसांसाठी आहे, ट्रॅक्टरसाठी नाही. प्रवेशाच्या वाटेवर दोन लोखंडी खांब गाडून टाका, माणूस जाईल आणि ट्रॅक्टर जाणार नाही इतक्या अंतरावर. पाटी लावून उपयोग नाही.

मार्चअखेर पहिलं बिल निघालं. त्यातून आयकर, जीएसटीची कपात, उपकर, सुरक्षा ठेव वजा होते; पोरानं हातात आलेला आकडा बघितला आणि बराच वेळ मोबाइलवर गणित करत बसला. पहिलं काम घेणाऱ्यांनी हे आधी मांडून बघावं.

रंगासाठी लोकवर्गणी काढली. सगळ्या ६०८ मीटरला अ‍ॅक्रिलिक परवडेना, म्हणून फक्त खेळाच्या ४२० चौरस मीटरला केलं, मीटरला ३८० रुपये, एक लाख साठ हजारांच्या आसपास. सर्वांत जास्त पैसे सुरतेहून आले. आमच्या गावाची एक आळीच तिकडे आहे. रंगाआधी काँक्रीट आतून कोरडं आहे का हे बघायचा स्वस्त उपाय: अर्धा मीटर प्लास्टिकचा तुकडा चारही कडांनी टेपनं पक्का चिकटवून रात्रभर ठेवा. सकाळी खाली दव धरलं असेल तर थांबा. आमचं मेमध्ये खडखडीत कोरडं होतं, पण तापमान ४३ च्या पुढं. रंग पहाटे सुरू करून नऊच्या आत बंद करावा लागायचा, नाहीतर ब्रशवरच सुकतो.

रेषा मारायला तालुक्याहून दुकानांच्या पाट्या रंगवणारे पेंटर आले. हात अप्रतिम. पण त्यांच्या वहीत समलंब चौकोनच होता, २०१० च्या आधीचा. नवी मापं देऊन ठेवते: रेषांची रुंदी ५ सेंटीमीटर. आयत ४.९० मीटर रुंद, फ्री थ्रोची रेषा शेवटच्या रेषेच्या आतल्या कडेपासून ५.८० मीटरवर. तीन गुणांच्या कमानीसाठी रिंगच्या बरोबर खालचा बिंदू धरा, शेवटच्या रेषेपासून १.५७५ मीटर आत. तिथं खिळा ठोकून ६.७५ मीटरची तार फिरवा. दोरी घेऊ नका, ताणते. दोन्ही बाजूंना कमान सरळ होते ती बाजूच्या रेषेपासून ९० सेंटीमीटरवर. आणि रिंग ३.०५ मीटर मोजायची ती रंगाच्या वरच्या थरापासून. खांबाचा बेस पीसीसीच्या पातळीवरून धरला तर साडेबारा सेंटीमीटर कमी भरतात. जुन्या कोर्टाचं तेच झालं असावं असा माझा अंदाज आहे.

रेषा वाळायच्या आत दोन मुली अनवाणी आत शिरल्या. एका पावलाचा ठसा अजून मध्यवर्तुळात आहे. पेंटरनं पुसू का विचारलं, मी राहू दे म्हटलं.

जूनच्या पहिल्या मोठ्या पावसानंतर तासाभरानं कोर्टावर एक रुपयाचं नाणं घेऊन फिरले. साचलेल्या पाण्यात नाणं बुडलं तर तिथं खळगा आहे असं समजायचं. वायव्येच्या कोपऱ्यात हातभर जागेत बुडलं. बाकी कोर्ट कोरडं, मोठी भेग एकही नाही; दोन सांध्यांमधलं भरण मात्र सुटलंय. दोष दायित्वाच्या मुदतीत या दुरुस्त्या कंत्राटदारानं स्वखर्चानं करायच्या असतात आणि त्याची सुरक्षा ठेव तोवर कार्यालयाकडे अडकलेली असते. पण तोंडी सांगून भागत नाही. ग्रामपंचायतीच्या लेटरहेडवर, फोटो जोडून, पोच घेऊन पत्र द्यावं लागतं. दिलंय. पोरगाही नाही म्हणत नाही, फक्त म्हणतो की अंतिम बिल निघू द्या.

उपअभियंता पाहणीला पुढच्या आठवड्यात येणार आहेत. मुलींनी मला बजावलंय, साहेबांना रिंगच्या जाळ्यांचंही सांग. मी अंदाजपत्रकाची पानं पुन्हा चाळली. जाळ्या त्यात नाहीत. जळगावात जोडी चारशेला मिळते, शनिवारी आणते.